युजेन ब्युर्नूफ : भारत न पाहिलेला बुद्धवचनांचा अभ्यासक

फ्रान्समधील थोर व्यक्ती म्हटल्या की शाळेत शिकलेली काही नावे आपल्याला चटकन आठवतात : नेपोलियन, रूसो, व्हॉल्तेर, व्हिक्टर ह्यूगो, लुई पाश्चर. फ्रेंच राज्यक्रांतीने घोषित केलेली स्वातंत्र्य, समता आणि बंधुता ही त्रयीही आपल्याला पाठ असते. या त्रयीविषयी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ३ ऑक्टोबर १९५४ रोजी आकाशवाणीवरील भाषणात एक महत्त्वाचा खुलासा केला होता. आपले तत्त्वज्ञान या तीन शब्दांत सामावलेले असले, तरी ते आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून उसने घेतलेले नाही. त्याचे मूळ आपले गुरू भगवान बुद्ध यांच्या शिकवणीत आहे, असे त्यांनी स्पष्ट केले.

हा खुलासा ज्यांच्या मनात ठसलेला आहे, त्यांना फ्रान्समधील आणखी एका व्यक्तीचा परिचय असणे अगत्याचे आहे. ती व्यक्ती म्हणजे युजेन ब्युर्नूफ. राज्यक्रांतीनंतर बारा वर्षांनी त्याच पॅरिस शहरात जन्मलेल्या या विद्वानाने भारतभूमीवर कधी पाऊल ठेवले नाही. एकही विहार, एकही लेणे त्यांनी प्रत्यक्ष पाहिले नाही. तरीही बुद्ध हे भारतात जन्मलेले मानवी गुरू होते आणि त्यांची शिकवण भारतीय भाषांतील मूळ ग्रंथांतूनच समजून घेतली पाहिजे, हे युरोपातील विद्वज्जगताला त्यांनी पुराव्यानिशी पटवून दिले. ब्युर्नूफ यांनी बौद्ध धम्माचा ‘शोध लावला’ असे म्हणणे योग्य होणार नाही. धम्म कोठेही हरवलेला नव्हता. त्यांचे मोठेपण वेगळ्या गोष्टीत आहे. ऐकीव माहितीवर विसंबून न राहता मूळ ग्रंथापर्यंत जाण्याची शिस्त त्यांनी घालून दिली, आणि त्या शिस्तीमुळे समाजाने दूर लोटलेल्या माणसांच्या कथा जगापुढे आल्या. त्या कथांपैकी एक तर आपल्या कोकण किनाऱ्यावरील आहे.

ऐकीव माहितीचा काळ

अठराव्या शतकाच्या अखेरीस आणि एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी युरोपात बुद्धांविषयी कोणत्या कल्पना प्रचलित होत्या, हे आज वाचले तर नवल वाटते. मूर्तींच्या कुरळ्या केसांवरून बुद्ध मूळचे आफ्रिकेतील असावेत, असा तर्क काही विद्वान करीत. उत्तर युरोपातील ओडिन हा देव आणि बुद्ध एकच असावेत, असेही लिहिले जात असे. वेगवेगळ्या देशांतील परंपरांच्या कालगणना जुळेनात, म्हणून बुद्ध नावाच्या दोन निरनिराळ्या व्यक्ती मानण्याची सूचनाही पुढे आली होती. चीन, सयाम, ब्रह्मदेश, श्रीलंका, तिबेट येथे गेलेले प्रवासी, व्यापारी आणि धर्मप्रचारक आपापल्या परीने वृत्तान्त लिहीत. परंतु हे सर्व देश ज्यांना वंदन करतात ती व्यक्ती एकच आहे आणि ती भारतातील आहे, एवढी गोष्टही सर्वमान्य नव्हती.

याचे कारण उघड होते. भारतात धम्माचा ऱ्हास होऊन शतके लोटली होती. लेणी ओस पडली होती, स्तूपांवर झाडे वाढली होती, आणि अशोकाचे शिलालेख कोणालाही वाचता येत नव्हते. ग्रंथ होते ते नेपाळात, तिबेटात, श्रीलंकेत आणि आग्नेय आशियात. तेथील भिक्षू आणि पंडित त्यांची जपणूक करीत होते. परंतु त्यांच्यापाशी जाऊन, त्यांची भाषा शिकून, ग्रंथाला ग्रंथ ताडून पाहणारा अभ्यासक युरोपात निर्माण व्हायचा होता.

पितापुत्रांची अभ्यासिका

युजेन ब्युर्नूफ यांचा जन्म ८ एप्रिल १८०१ रोजी पॅरिसमध्ये झाला. त्यांचे वडील ज्याँ-लुई ब्युर्नूफ हे ग्रीक आणि लॅटिन भाषांचे नामांकित पंडित होते. त्यांनी लिहिलेले ग्रीक व्याकरण फ्रान्समधील विद्यार्थ्यांच्या पिढ्यांनी अभ्यासले. भाषेचा अभ्यास म्हणजे प्रत्येक प्रत्यय, प्रत्येक रूप तपासणे, हा संस्कार युजेन यांना घरातच मिळाला. तरुणपणी त्यांनी कायद्याचेही शिक्षण घेतले. परंतु ओढा होता तो पौर्वात्य भाषांकडे.

पॅरिसमधील ‘कॉलेज द फ्रान्स’ या विख्यात संस्थेत १८१४ साली संस्कृतचे अध्यासन स्थापन झाले होते. युरोपातील ते पहिले संस्कृत अध्यासन. त्यावर नियुक्त झालेले आंतवान-लेओनार द शेझी हे कोणत्याही पंडिताच्या साहाय्याशिवाय, केवळ ग्रंथांच्या आधारे संस्कृत शिकलेले गृहस्थ होते. युजेन आणि त्यांचे वडील दोघेही शेझी यांच्याकडे संस्कृत शिकले. १८२२ साली पॅरिसमध्ये ‘सोसिएते आसियातिक’ ही आशियाच्या अभ्यासाला वाहिलेली विद्वत्सभा स्थापन झाली आणि तरुण युजेन तिच्या कार्यात समरस झाले.

वयाच्या पंचविसाव्या वर्षी, १८२६ साली, ब्युर्नूफ यांनी क्रिस्टियन लासेन या समवयस्क विद्वानाच्या सहकार्याने पालि भाषेवरील एक निबंध प्रसिद्ध केला. श्रीलंका, ब्रह्मदेश आणि सयाम येथील भिक्षूंची धर्मभाषा असलेली पालि ही संस्कृतशी निकटचे नाते असलेली भारतीय भाषाच आहे, हे त्यांनी ध्वनिबदल आणि रूपे यांच्या तपशिलांनिशी दाखवले. हा निबंध आज प्राथमिक वाटेल, परंतु त्याचा अर्थ फार मोठा होता. ज्या देशांत पालि ग्रंथ पूजिले जातात, त्या देशांना हा वारसा भारतातून लाभला, हे भाषेच्याच साक्षीने सिद्ध होत होते.

१८३२ साली पॅरिसमध्ये पटकीची भयंकर साथ आली. तीत शेझी यांचे निधन झाले. चिनी भाषेचे मोठे पंडित आबेल रेम्युझा हेही त्याच साथीत गेले. शेझी यांच्या रिक्त अध्यासनावर एकतीस वर्षांच्या ब्युर्नूफ यांची नियुक्ती झाली आणि मृत्यूपर्यंत ते त्या पदावर राहिले.

पारशी ग्रंथांतून मिळालेली शिस्त

बौद्ध ग्रंथांकडे वळण्यापूर्वी ब्युर्नूफ यांनी आणखी एक अवघड काम अंगावर घेतले होते. आंकेतील द्युपेरों हा फ्रेंच प्रवासी १७५५ साली भारतात आला होता. सुरतेच्या पारशी दस्तुरांकडून त्याने अवेस्ताची हस्तलिखिते आणि त्यांचा अर्थ मिळवला आणि १७७१ साली त्याचे फ्रेंच भाषांतर छापले. परंतु ते भाषांतर दस्तुरांनी तोंडी सांगितलेल्या अर्थावर आधारलेले होते. मूळ भाषेचे व्याकरण कोणालाच नीट ज्ञात नव्हते.

ब्युर्नूफ यांनी मार्ग काढला तो असा. गुजरातेतील नेर्योसंग या पारशी पंडिताने मध्ययुगात यस्न या ग्रंथाचे संस्कृत भाषांतर केलेले होते. ब्युर्नूफ यांनी मूळ शब्द, हे संस्कृत भाषांतर आणि वैदिक संस्कृतातील समान रूपे समोरासमोर ठेवली आणि एकेका शब्दाचा अर्थ निश्चित केला. १८३३ पासून प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या यस्नभाष्याने अवेस्ताच्या भाषेचा शास्त्रीय अभ्यास सुरू झाला. पुढे १८३६ साली प्राचीन इराणी कीलाकार लिपीच्या उकलीतही त्यांनी महत्त्वाची भर घातली.

या कामाचा उल्लेख येथे मुद्दाम केला आहे. परंपरेने सांगितलेला अर्थ आदराने ऐकावा, पण तो मूळ शब्दाशी ताडून पाहिल्याशिवाय स्वीकारू नये, ही ब्युर्नूफ यांची अभ्यासपद्धती येथे घडली. हीच पद्धती घेऊन ते बौद्ध ग्रंथांपुढे बसले.

काठमांडूहून आलेल्या पोथ्या

ब्रायन हॉजसन हे इंग्रज अधिकारी १८२० पासून नेपाळात होते आणि पुढे ते काठमांडू येथे ब्रिटिश रेसिडेंट झाले. पाटण येथील अमृतानंद या नेवार बौद्ध पंडिताशी त्यांचा परिचय झाला. अमृतानंदांच्या साहाय्याने हॉजसन यांना कळले की, भारतात नामशेष झालेले संस्कृत बौद्ध ग्रंथ नेपाळातील विहारांत आणि घराघरांत जतन केलेले आहेत. त्यांनी पोथ्या मिळवल्या, लेखनिकांकडून नकला करून घेतल्या आणि त्या कलकत्ता, लंडन व पॅरिस येथील संस्थांना पाठवल्या. कलकत्ता आणि लंडन येथे पोहोचलेल्या पोथ्या दीर्घकाळ जवळजवळ तशाच पडून राहिल्या. पॅरिसला मात्र त्या वाचणारा माणूस भेटला.

१८३७ साली चोवीस संस्कृत बौद्ध ग्रंथ पॅरिसच्या विद्वत्सभेकडे आले. त्यानंतर आणखी पोथ्या येत राहिल्या. १८३७ हे वर्ष बौद्ध विद्येच्या इतिहासात लक्षात ठेवण्याजोगे आहे. याच वर्षी जेम्स प्रिन्सेप यांना ब्राह्मी लिपीची उकल झाली आणि अशोकाचे लेख पुन्हा बोलू लागले. याच वर्षी श्रीलंकेत जॉर्ज टर्नर यांनी पालि महावंस इंग्रजी भाषांतरासह प्रसिद्ध केला. शिलालेख, पालि इतिहास आणि संस्कृत सूत्रे असे तीन स्वतंत्र पुरावे एकाच वेळी उपलब्ध झाले.

ब्युर्नूफ यांनी सद्धर्मपुण्डरीक हा ग्रंथ प्रथम हाती घेतला आणि दोनतीन वर्षांत त्याचे फ्रेंच भाषांतर पूर्ण केले. १८४१ साली ते छापूनही झाले होते. परंतु त्यांनी ते प्रकाशित केले नाही. बुद्ध कोण, संघ म्हणजे काय, सूत्र कशाला म्हणतात, हे ठाऊक नसलेल्या वाचकाच्या हाती हा ग्रंथ दिला तर त्याला काय बोध होणार, असा त्यांना प्रश्न पडला. म्हणून आधी एक प्रास्ताविक ग्रंथ लिहावा असे त्यांनी ठरवले. छापून तयार असलेले आपले पुस्तक वाचकाच्या सोयीसाठी अकरा वर्षे थांबवून ठेवणारे ग्रंथकार विरळाच.

भारतीय बौद्ध धम्माच्या इतिहासाची प्रस्तावना

हा प्रास्ताविक ग्रंथ १८४४ साली प्रसिद्ध झाला. सहाशेहून अधिक पृष्ठांच्या या ग्रंथाच्या नावाचा अर्थ ‘भारतीय बौद्ध धम्माच्या इतिहासाची प्रस्तावना’ असा होतो. नावातील ‘भारतीय’ हा शब्द महत्त्वाचा आहे. चिनी, तिबेटी, मंगोल ग्रंथ ही भाषांतरे आहेत. त्यांचे मूल्य मोठे असले तरी मूळ संज्ञांचा अर्थ भारतीय भाषांतच शोधला पाहिजे, असे ब्युर्नूफ यांचे प्रतिपादन होते. नेपाळातून आलेले संस्कृत ग्रंथ आणि श्रीलंकेतून आलेले पालि ग्रंथ शेजारी ठेवावेत, दोहोंत जे समान आढळेल ते प्राचीन समजावे आणि जेथे भेद आढळेल तेथे कारण शोधावे, हा त्यांचा नियम होता. तिबेटी ग्रंथसंग्रहाचे विश्लेषण करणाऱ्या चोमा द कोरोश या हंगेरियन विद्वानाच्या कामाचाही त्यांनी कृतज्ञतेने उपयोग केला.

या तुलनेतून बुद्धांचे जे चित्र उभे राहिले, ते देवाचे वा कल्पित पुरुषाचे नव्हते. नगरांतून, बाजारांतून, राजदरबारांतून फिरणारे, व्यापाऱ्यांशी, राजांशी, ब्राह्मणांशी आणि दासांशी त्यांना कळेल अशा भाषेत बोलणारे, आचरणाची शुद्धता शिकवणारे एक मानवी गुरू असे ते चित्र होते. संघात प्रवेश मिळण्यास जन्माची अट नव्हती, हे ब्युर्नूफ यांनी विशेष लक्ष देऊन नोंदवले. भिक्षू ब्रह्मचारी असल्यामुळे येथे धर्मोपदेशाचा अधिकार बापाकडून मुलाकडे वारसाहक्काने जाऊ शकत नव्हता, हा सामाजिक परिणामही त्यांनी दाखवून दिला. मात्र बौद्ध देशांतील समाजात जातिभेद पूर्णपणे नाहीसा झाला असे विधान त्यांनी केले नाही. श्रीलंकेतील वस्तुस्थिती त्यांना माहीत होती. पुराव्यापलीकडे न जाण्याचा हा संयम त्यांच्या लेखनात सर्वत्र आढळतो.

नुसती मते सांगण्याऐवजी ब्युर्नूफ यांनी अवदानग्रंथांतील अनेक कथा सबंध भाषांतरित करून वाचकापुढे ठेवल्या. त्यांपैकी दोन कथा आपण थोडक्यात पाहू.

सोपाऱ्याचा पूर्ण

दिव्यावदान या संग्रहातील पूर्णाची कथा शूर्पारक नगरात घडते. शूर्पारक म्हणजे आजच्या पालघर जिल्ह्यातील नालासोपारा. भव नावाचा एक धनाढ्य व्यापारी तेथे राहत होता. तो गंभीर आजारी पडला तेव्हा पत्नीने आणि मुलांनी त्याला टाकून दिले. घरातील एका दासीने त्याची शुश्रूषा केली आणि तो वाचला. त्या दासीच्या पोटी भवाला जो पुत्र झाला, तो पूर्ण. पुढे पित्याच्या मृत्यूनंतर सावत्र भावांनी मालमत्तेची वाटणी केली. दासीपुत्र असल्यामुळे पूर्णाला वाटा मिळाला नाहीच. उलट वाटणीत तोच एक वस्तू म्हणून मोजला गेला आणि थोरल्या भावाच्या वाट्याला गेला.

पूर्ण हुशार होता. रस्त्यात एका मोळीविक्याच्या लाकडांत मौल्यवान चंदन असल्याचे त्याने ओळखले आणि त्यातून तो संपन्न झाला. त्याने अनेक सागरी सफरी केल्या. अशाच एका सफरीत श्रावस्तीचे व्यापारी पहाटे उठून काही म्हणत असल्याचे त्याने ऐकले. ही गाणी फार सुंदर आहेत, असे तो म्हणाला, तेव्हा ही गाणी नसून बुद्धवचने आहेत, असे त्या व्यापाऱ्यांनी त्याला सांगितले. बुद्ध हा शब्द त्याने प्रथमच ऐकला. त्याने व्यापार सोडला, श्रावस्तीला जाऊन प्रव्रज्या घेतली आणि श्रोणापरान्तक या प्रदेशात राहण्याची अनुज्ञा मागितली.

तेथील लोक तापट आणि कठोर म्हणून ओळखले जात. तथागतांनी त्याला विचारले की, त्यांनी शिव्या दिल्या तर तुला काय वाटेल? त्यांनी मला मारले नाही म्हणून ते भले आहेत असे वाटेल, असे पूर्णाने उत्तर दिले. मारले तर? शस्त्र उगारले नाही म्हणून भले. शस्त्र उगारले तर? प्राण घेतला नाही म्हणून भले. आणि प्राण घेतला तर? या नश्वर देहातून सहज सुटका केली असे मानीन. या क्षमाशीलतेची खात्री पटल्यावर तथागतांनी त्याला जाण्याची अनुज्ञा दिली. हाच संवाद पालि मज्झिम निकायातील पुण्णोवाद सुत्तातही येतो. दोन भिन्न परंपरांनी, दोन भिन्न भाषांत जपलेली ही साक्ष आहे. आणि अशी तुलना करण्याचाच आग्रह ब्युर्नूफ यांनी धरला होता.

कथेच्या शेवटी शूर्पारकात चंदनाचा प्रासाद उभारला जातो आणि तथागत तेथे येतात. ब्युर्नूफ यांनी ही कथा फ्रेंचमध्ये आणली तेव्हा सोपाऱ्याची भूमी अद्याप कोणी खणलेली नव्हती. त्यानंतर अडतीस वर्षांनी, १८८२ साली, पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी सोपाऱ्यातील ‘बुरूड राजाचा कोट’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या टेकाडाचे उत्खनन केले. तो स्तूप निघाला. त्याच्या मध्यभागी दगडी पेटी होती. तीत एकात एक ठेवलेले करंडक, सोन्याची फुले, भिक्षापात्राचे मानले गेलेले तुकडे आणि बुद्धांच्या आठ लहान कांस्यमूर्ती होत्या. त्याच वर्षी सोपाऱ्यात अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा एक खंडही मिळाला. कथेतील प्रत्येक प्रसंग इतिहास असतो असे नाही. परंतु ज्या नगराचे नाव पोथीने जपले, ते नगर धम्माचे मोठे केंद्र होते, याची साक्ष जमिनीनेच दिली.

मातंगकन्या प्रकृती

दुसरी कथा शार्दूलकर्णावदानातील आहे. श्रावस्तीत भिक्षू आनंद तहानलेले असताना एका विहिरीपाशी आले. पाणी भरणाऱ्या प्रकृती नावाच्या मुलीकडे त्यांनी पाणी मागितले. मी मातंगकन्या आहे, असे तिने संकोचाने सांगितले. मातंगांना त्या समाजाने अस्पृश्य ठरवले होते. आपण जात वा कुळ विचारलेले नाही, पाणी मागितले आहे, असे आनंदांनी तिला सांगितले आणि ते पाणी प्याले. प्रकृतीचे मन आनंदांवर जडले. पुढे अनेक प्रसंग घडून ती तथागतांपुढे आली, तिचे अज्ञान दूर झाले आणि ती भिक्षुणी झाली.

कथा येथे संपत नाही. मातंगकन्येला संघात घेतल्याचे कळताच श्रावस्तीतील ब्राह्मण आणि गृहपती क्षुब्ध झाले. राजा प्रसेनजितही विचारण्यासाठी आला. तेव्हा तथागतांनी त्रिशंकू या मातंगराजाची पूर्वकथा सांगितली. त्रिशंकू आपल्या मुलासाठी पुष्करसारी या ब्राह्मणाच्या कन्येला मागणी घालतो आणि माणसामाणसांत जन्माने भेद नाही, हे एकामागून एक युक्तिवाद करून सिद्ध करतो. जातिव्यवस्थेचे इतके तपशीलवार खंडन असलेला हा ग्रंथ नेपाळातील पोथ्यांत सुरक्षित राहिला होता.

ब्युर्नूफ यांच्या ग्रंथातून ही कथा युरोपात पोहोचली. ती वाचून विख्यात जर्मन संगीतकार रिचर्ड वाग्नर यांनी १८५६ साली प्रकृती आणि आनंद यांच्यावर एका संगीतिकेचा आराखडा लिहिला. ती संगीतिका मात्र पूर्ण झाली नाही. भारतात हीच कथा वेगळ्या वाटेने परतली. हॉजसन यांनी कलकत्त्याला दिलेल्या पोथ्यांचा सारांश राजेंद्रलाल मित्र यांनी १८८२ साली प्रसिद्ध केला. त्यावरून रवींद्रनाथ टागोर यांनी १९३३ साली ‘चंडालिका’ हे नाटक लिहिले. आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या महापरिनिर्वाणानंतर १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात, स्त्रियांच्या धम्मदीक्षेच्या प्रकरणात, महाप्रजापती गौतमी आणि यशोधरा यांच्या दीक्षेला लागूनच प्रकृतीच्या दीक्षेची कथा आहे. राजकुळातील स्त्रिया आणि चांडाळकन्या यांना बाबासाहेबांनी एकाच प्रकरणात शेजारी स्थान दिले, ही गोष्ट वाचकांनी अवश्य ध्यानात घ्यावी.

अखेरची वर्षे

ब्युर्नूफ यांनी प्रस्तावनेचा दुसरा खंड पालि ग्रंथांवर लिहिण्याचे योजिले होते. तो लिहून झाला नाही. भागवत पुराणाचे संपादन व भाषांतर, विद्वत्सभेच्या चिटणीसपदाचे काम आणि अध्यापन यांत त्यांची प्रकृती ढासळत गेली. २८ मे १८५२ रोजी, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी, त्यांचे पॅरिस येथे निधन झाले. सद्धर्मपुण्डरीकाचे भाषांतर त्याच वर्षी, त्यांच्या मृत्यूनंतर, टिपा आणि परिशिष्टांसह प्रकाशित झाले. परिशिष्टांत त्यांनी अशोकाच्या लेखांतील भाषा बौद्ध ग्रंथांशी ताडून पाहिली होती. हा ग्रंथ त्यांनी हॉजसन यांना अर्पण केला होता.

या सूत्रातील पाचव्या परिवर्तात एक दृष्टान्त आहे. एकच मेघ सर्व भूमीवर सारखा वर्षाव करतो. गवत, झुडूप, वृक्ष आपापल्या शक्तीप्रमाणे ते पाणी घेतात. तथागतांचा उपदेशही तसाच सर्वांसाठी एक असतो. ब्युर्नूफ यांनी या भागाचे फ्रेंच भाषांतर एका नियतकालिकात दिले होते. त्यावरून एलिझाबेथ पीबडी या विदुषीने केलेले इंग्रजी भाषांतर १८४४ साली अमेरिकेतील ‘द डायल’ या नियतकालिकात आले. अशा रीतीने सद्धर्मपुण्डरीकाचा हा अंश अमेरिकन वाचकांपर्यंत पोहोचला.

शिष्यपरंपरा आणि महाराष्ट्र

ब्युर्नूफ यांच्या वर्गात युरोपभरातून विद्यार्थी येत. १८४५ साली आलेल्या माक्स म्युलर यांना त्यांनी सायणभाष्यासह ऋग्वेद संपादित करण्यास प्रवृत्त केले. ते काम पुढे जगप्रसिद्ध झाले. फ्रेंच विद्वानांच्या नंतरच्या पिढीतील एमिल सेनार यांनी महावस्तू हा संस्कृत बौद्ध ग्रंथ तीन खंडांत संपादित केला. कार्ले आणि नाशिक येथील लेण्यांतील शिलालेखांचे सेनार यांनी केलेले वाचन विसाव्या शतकाच्या आरंभी प्रसिद्ध झाले. आपल्या लेण्यांना दान देणारे सुतार, गंधी, व्यापारी, भिक्षुणी आणि उपासिका यांची नावे अभ्यासकांना अशा परिश्रमांमुळे नीट कळली. सिल्व्हां लेव्ही हे आणखी एक फ्रेंच पंडित. त्यांनी नेपाळात जाऊन संशोधन केले आणि टागोरांच्या निमंत्रणावरून शांतिनिकेतनात अध्यापनही केले.

महाराष्ट्र आणि गोव्याच्या बाजूने पाहिले तर येथे धर्मानंद कोसंबी यांचे नाव घ्यावे लागते. गोव्यातील एका खेड्यात जन्मलेल्या या गृहस्थाने मराठीतील एका मासिकात बुद्धचरित्र वाचले आणि धम्माच्या शोधार्थ घर सोडले. नेपाळ, श्रीलंका, ब्रह्मदेश येथे अपार कष्ट सोसून ते पालि शिकले आणि पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पालि शिकवू लागले. ब्युर्नूफ अभ्यासिकेतून बाहेर पडले नाहीत, तर कोसंबी वर्षानुवर्षे चालत राहिले. तरी मूळ ग्रंथ मूळ भाषेत वाचण्याचा आग्रह दोघांचाही सारखाच होता.

मर्यादांचाही विचार

थोरांचा परिचय करून देताना त्यांच्या मर्यादा झाकणे हे ब्युर्नूफ यांच्याच शिस्तीला सोडून होईल. निर्वाणाचा अर्थ संपूर्ण विनाश असा लावण्याकडे त्यांचा कल होता. त्यांच्यानंतर युरोपातील अनेकांनी त्याच आधारावर बौद्ध धम्म हा शून्याची उपासना करणारा, निराशावादी धम्म आहे, असा गैरसमज पसरवला. साधी सूत्रे तेवढी जुनी आणि अस्सल, तर महायानाची विस्तृत सूत्रे नंतरची आणि कमी मोलाची, अशी त्यांची विभागणीही पुढील संशोधनात जशीच्या तशी टिकली नाही.

दुसरी गोष्ट अधिक गंभीर आहे. पोथ्या पॅरिसला गेल्या त्या साम्राज्यसत्तेच्या अधिकाऱ्यामार्फत. ज्या नेवार कुटुंबांनी त्या शतकानुशतके नकलून जपल्या, ज्या लेखनिकांनी हॉजसन यांच्यासाठी रात्रंदिवस प्रती केल्या, त्यांची नावे बहुतेक कोणत्याही पुस्तकात नाहीत. अमृतानंदांचे नाव उरले आहे, तेही तळटिपांमध्ये. जिवंत परंपरेतील माणसे ही केवळ माहितीची साधने मानली गेली. ब्युर्नूफ यांचा गौरव करताना या अनाम लेखनिकांचेही ऋण मान्य करणे न्यायाचे आहे. त्यांनी पोथी जपली नसती तर पॅरिसच्या पंडिताला वाचण्यासारखे काहीच उरले नसते.

आपल्यासाठी

आपल्या विद्यालयातून शिकून गेलेले अनेक जण आज वेगवेगळ्या क्षेत्रांत कार्यरत आहेत. अनेक पालकांनी स्वतः शिक्षणाला वंचित राहून मुलांना येथे पाठवले आहे. या सर्वांपुढे ब्युर्नूफ यांचे चरित्र ठेवण्याचे कारण इतकेच की, ज्ञानाचा अधिकार जन्माने मिळत नाही, तसाच तो केवळ श्रद्धेनेही मिळत नाही. बुद्धांच्या नावावर आज कितीतरी सुभाषिते भिंतींवर आणि भ्रमणध्वनीच्या पडद्यावर फिरत असतात. त्यांपैकी बरीचशी कोणत्याही सुत्तात सापडत नाहीत. हे कोठे लिहिले आहे, कोणत्या भाषेत लिहिले आहे आणि आणखी कोठे त्याची साक्ष मिळते, हे तीन प्रश्न विचारण्याची सवय मुलांना लागली, तर ब्युर्नूफ यांचा खरा धडा आपण शिकलो असे होईल.

पालि ही भाषा मराठी माणसाला परकी नाही. धम्म, सच्च, मग्ग, दुक्ख हे शब्द त्रिसरण-पंचशील म्हणणाऱ्या प्रत्येक घरात उच्चारले जातात. पॅरिसमध्ये बसलेल्या माणसाने व्याकरणाची एकेक पायरी चढत जे साध्य केले, त्याची पहिली पायरी आपल्या मुलांना घरातच मिळालेली आहे. प्रत्येक वर्षी दोन विद्यार्थ्यांनी जरी पालि वा संस्कृत हा विषय मनापासून घेतला आणि एक सुत्त मूळ भाषेत समजून वाचले, तरी तो मोठा आरंभ ठरेल. आणि सहलीचे ठिकाण ठरवताना नालासोपाऱ्याच्या स्तूपाचा विचार अवश्य व्हावा. दासीपुत्र म्हणून ज्याला मालमत्तेत मोजले गेले, त्या पूर्णाचे ते नगर आहे, हे आपल्या मुलांनी त्या विटांपुढे उभे राहून ऐकले पाहिजे.